धोंडीबाचा एक

धोंडीबा आमदार झाला तोपर्यंत त्याच्या हातात कधी पेन्सिल आली नव्हती. बावन्न सालच्या निवडणुकीत ज्याची त्याची पेटी वेगळी होती, पेटीवर चित्र होतं. लोकांनी चिठ्ठी घेतली आणि आपल्या चित्राच्या पेटीत टाकली. हैदराबादला शपथ घेताना दुसऱ्यानं वाचलं आणि यानं मागोमाग म्हटलं. सहीच्या जागी अंगठा उठवला. तेरणेकाठच्या त्या गावात कुणाला त्याचं काही वाटलं नाही. धोंडीबा निजामाच्या राज्यात गुलबर्ग्याच्या तुरुंगात वर्षभर राहून आलेला होता. बोलायचा कमी, आणि बोलता बोलता मधेच थांबून लांब कुठंतरी बघत राहायचा. लोक म्हणायचे, धोंडीबा जागेपणी झोपतो, पण झोपेतसुद्धा खोटं बोलत न्हाय.

एप्रिलच्या शेवटी हैदराबादहून कागद आला. तो घेऊन धोंडीबा उमरग्याला तहसील कचेरीत गेला. तिथल्या कारकुनानं वाचून सांगितलं.

"देशाचा राष्ट्रपती निवडायचाय. यात जनतेचं मतदान नसतं. दिल्लीचे खासदार अन् राज्याराज्याचे आमदार, एवढेच मत देतात. तुम्हाला कागद मिळेल, त्यावर नावं असतील. जो पहिला पसंत, त्याच्यापुढं एकचा आकडा लिहायचा. दुसरा पसंत, त्याच्यापुढं दोन. नुसता एक लिहिला तरी भागतं."

"ज्याला लिवता येत न्हाय त्यानं?"

"तिथला साहेब लिहील. तुम्ही त्याच्या कानात सांगायचं."

धोंडीबा उठला, दारापर्यंत गेला आणि परत आला. "माझ्या एका मतामागं मानसं किती धरायची?"

"धरा लाखभर."

परतीच्या वाटेवर बैलगाडीत आडवा पडून तो आभाळाकडं बघत राहिला. लाख माणसं कशी दिसत असतील? त्यानं तुळजापूरची जत्रा आठवून पाहिली, ती पुरेना. डोळे मिटले तर माणसं शेतातून, ओढ्यातून, बांधावरून नुसती येतच होती, आणि कुणी काही बोलत नव्हतं. सगळी त्याच्या उजव्या हाताकडं बघत होती.

घरी बायकोनं, तुळजाबाईनं, ऐकून घेतलं आणि म्हणाली, "मग सांगा की कानात. त्यात लाज कसली?"

"लाज न्हाय गं. लाखभर मानसांचं काम, अन् दुसऱ्याच्या हातानं करायचं?"

गावात आता मराठी शाळा होती. पण तिथले मास्तर नवे, बोलके. आमदार एकचा आकडा गिरवायला आलाय हे त्यांनी आठवडी बाजारात सांगितलं असतं. लिहिणारं दुसरं माणूस गावात एकच होतं. ते म्हणजे ताहेराबी.

ताहेराबीचा नवरा चाँदपाशा हा गावच्या जुन्या उर्दू शाळेचा मास्तर. अठ्ठेचाळीस साली हिंदुस्थानची फौज आली, निजामाचं राज्य गेलं, आणि त्या आठवड्यात चाँदपाशा सायकलवर उमरग्याकडं गेला तो परत आला नाही. सायकलही आली नाही. धोंडीबा तुरुंगातून सुटून गावात पोचला तेव्हा दहा दिवस झाले होते. चाँदपाशा आणि तो एका वयाचे, एकाच डोहात पोहायला शिकलेले. पण त्यानंतर साडेतीन वर्षांत धोंडीबानं ताहेराबीच्या दारात पाऊल टाकलं नव्हतं. काय विचारायचं हेच त्याला कळत नव्हतं.

दुसऱ्या दिवशी भर दुपारी, गाव पेंगत असताना, तो गेला. ताहेराबी अंगणातल्या शेवग्याखाली गोधडी शिवत बसली होती. त्याला बघून तिनं डोक्यावरचा पदर पुढं ओढला आणि सुई तशीच धरून थांबली.

"भाभी, एक काम हाय."

"बोला भाऊ."

त्यानं सगळं सांगितलं. ती हसली नाही. म्हणाली, "मला मराठी लिवता येत न्हाय. मास्तरनी मला उर्दू शिकवली, तेवढीच."

"उर्दूत एक कसा काढतेत?"

ती उठली, घरात गेली आणि पाटी घेऊन आली. पाटीच्या चौकटीचा एक कोपरा निखळला होता. तिनं पेन्सिलीनं वरून खाली एक उभी रेघ ओढली.

"एवढाच?"

"एवढाच. पन सरळ पायजे. मास्तर म्हनायचे, एक वाकला तर पुढचे समदेच वाकतेत."

धोंडीबानं पेन्सिल धरली ती खुरपं धरल्यासारखी. पहिली रेघ ओढली आणि पेन्सिल तुटली. दुसरी तिरपी गेली. तिसरी ओढताना त्यानं श्वास धरला होता, ती मधे थरथरली. ताहेराबी ओल्या फडक्यानं पाटी पुसायची आणि परत पुढं सरकवायची.

पाच दुपारी तो जात राहिला. ऊन पांढरं झालेलं असायचं, कोंबड्या भिंतीच्या सावलीत चोच उघडी टाकून बसलेल्या. पाटीवरचं पाणी वाळताना कडेकडेनं पाटी काळ्याची करडी होत जाई, ते बघत धोंडीबाची तंद्री लागे. तिसऱ्या दुपारी पाटीवर दोन बोटं उंचीची रेघ उभी राहिली, सरळ. दोघंही तिच्याकडं बघत बसले. ती पुसायला ताहेराबीचा हात धजला नाही. तिनं पाटी भिंतीला टेकवून ठेवली.

मग तिनं विचारलं, "भाऊ, त्या लाखात मी हाय का?"

"हाय की. शिरगणती झाली न्हाय का परसाली? त्यात धरलेली समदी."

"शिरगणतीवाला आला होता. घरात किती मानसं, म्हनला. मी म्हनलं दोन. तो म्हनला, दुसरा कुठाय? मी म्हनलं, उमरग्याला गेलेत." ती गोधडीच्या टाक्याकडं बघत होती. "त्यानं एकच लिवला."

शेवग्याची दोन पिवळी पानं गिरक्या घेत खाली आली. तो म्हणाला, "मी तवाच यायला पायजे होतं, भाभी. आलो न्हाय."

"हौ," ती म्हणाली. "मी वाट बघत होते."

एवढंच. रागानं म्हटलं नव्हतं, म्हणून ते त्याला जास्त लागलं. चौथ्या आणि पाचव्या दुपारी दोघं फक्त रेघेबद्दल बोलले.

मेच्या पहिल्या दिवशी उमरग्याहून हैदराबादची मोटार निघाली. धोंडीबा खिडकीशी बसला. सडकेच्या कडेनं तारेचे खांब मागं पळत होते, एकामागं एक, सरळ, आणि त्याला ते मोजायचेसुद्धा नव्हते. हुमनाबादच्या पुढं त्याचा डोळा लागला. स्वप्नात ज्वारी काढून झालेलं रान होतं, नुसती धसकटं. प्रत्येक धसकट म्हणजे एक. त्यांच्यामधून चाँदपाशा सायकल हातात धरून चालला होता, धसकटांना चाक लागू नये म्हणून जपून, वाकडा वाकडा. धोंडीबानं हाक मारली. चाँदपाशानं मागं वळून पाहिलं, जसं वर्गातल्या पोराकडं बघावं तसं, आणि म्हणाला, "पहिल्यांदा नीट बस." मोटारीला गचका बसला आणि तो जागा झाला. बाजूचा माणूस त्याला पाणी विचारत होता.

हैदराबादला आमदारांच्या राहण्याच्या जागी त्याच्या खोलीत कल्याणप्पा म्हणून कन्नड मुलखातले आमदार होते. वयस्क, चष्मेवाले, शिकलेले. सकाळी धोंडीबा खिडकीच्या काचेवरच्या धुळीत बोटानं रेघा ओढत होता, ते त्यांनी पाहिलं.

"हे काय चाललंय?"

"एक काढतोय."

कल्याणप्पांनी चष्मा वर केला. "अहो, हा एक कुठला? ही नुसती रेघ. खूण समजून मत बाद करतील. त्यापेक्षा साहेबाला सांगा लिहायला."

धोंडीबाचा हात काचेवरच राहिला. पाच दुपारी, ती पाटी, ते पुसणं, सगळं एकदम लांब गेल्यासारखं वाटलं. तसाच तो विधानसभेच्या इमारतीकडं निघाला. त्या भल्या थोरल्या पांढऱ्या इमारतीच्या आत गारवा होता, आणि माणसं हलक्या पावलांनी चालत होती. जणू कुणी आजारी माणूस आत झोपला होता. टेबलामागं बसलेल्या अधिकाऱ्यानं त्याला कागद दिला. कागद गुळगुळीत होता. त्यावरच्या पाच नावांपैकी एकही त्याला वाचता येत नव्हतं, पण आपल्याला हवं ते नाव वरून कितवं, हे त्यानं रात्रीच दोघांना वेगवेगळं विचारून पक्कं केलं होतं.

"लिहून द्यायचं का?" अधिकाऱ्यानं विचारलं.

धोंडीबा टेबलाशी वाकला. "साहेब, उर्दूतला एक चालतो का?"

अधिकारी जुना हैदराबादी होता, केस पिकलेला. त्यानं लेखणी खाली ठेवली आणि धोंडीबाच्या धोतराकडं, फेट्याकडं, मग तोंडाकडं बघितलं. "आपल्याला उर्दू येते?"

"एकापुरती."

"चालतो," अधिकारी म्हणाला. "या मुलखातल्या कुठल्याही भाषेतला आकडा चालतो. फक्त आकडाच पाहिजे, अक्षर नको, सही नको."

आडोशाला फळी होती, फळीवर पेन्सिल दोरीनं बांधलेली. धोंडीबानं कागद ठेवला. नाव मोजलं, परत मोजलं. मग त्याला वाटलं, मागं माणसं उभी आहेत. लाख नाही, थोडीच. तुळजाबाई, ताहेराबी, उमरग्याचा तो कारकून, आणि ज्याला शिरगणतीवाल्यानं धरलं नाही तोही. कुणी घाई करत नव्हतं. त्यानं श्वास सोडला आणि वरून खाली रेघ ओढली. पेन्सिल कागदावरून अशी गेली की जणू ती आधीच तिथं होती आणि यानं फक्त वरची धूळ झटकली. दोन त्यानं कुणाला दिला नाही. येतच नव्हता.

कुणाला दिला एक, हे त्यानं गावात कधी सांगितलं नाही. तुळजाबाईनं दोनदा विचारून सोडून दिलं. काही दिवसांनी निकाल उमरग्याहून गावात आला, लोकांनी पेढे खाल्ले, आणि धोंडीबानंही एक खाल्ला.

त्याच दुपारी तो ताहेराबीकडं गेला.

"कसा आला?" तिनं विचारलं.

"सरळ आला, भाभी."

ती उठून घरात गेली आणि घडी घातलेला कागद घेऊन आली. उर्दूत लिहिलेला, घड्यांवर पिवळा पडलेला. "ही अर्जी. मास्तर कुठं गेले याचा शोध घ्या म्हनून. तीनदा कचेरीत नेली. आता उर्दू कुनी घेत न्हाय, म्हनले. मराठीत आना. मराठीत कुनाला सांगू?"

धोंडीबानं कागद हातात घेतला. उजवीकडून डावीकडं ओळी चालल्या होत्या, त्यातली एकही त्याला वाचता येत नव्हती. मधे कुठंतरी तारीख असावी, कारण तिथं एक उभा होता.

"मराठीत ते नव्या शाळेचे मास्तर लिवतील," तो म्हणाला. "बाजारात बोलले तर बोलू द्या. मी म्होरं बसतो, तुमी सांगा. मंग आपन दोघं उस्मानाबादला कलेक्टरकडं जाऊ. आमदार म्हनून न्हाय, मी गावचा मानूस म्हनून येतो."

"अन् त्यांनी न्हाय शोधलं तर?"

"तर परत जाऊ."

ताहेराबीनं चपला पायात घातल्या. ऊन अजून उतरलं नव्हतं. शाळेच्या वाटेवर दोघं निघाली, ती पुढं, तो चार पावलं मागं. बंद दारांमागं गाव झोपलेलं होतं.