पाय थांबवणारा ताल

दुपारच्या कार्यक्रमात बँडची शेवटची रचना बिनशब्दांची होती. गाणारी विंगेत पाणी प्यायला गेली, ठोकबाच्या मेहुण्याने गिटारवर सूर धरला आणि ठोकबाने ड्रम सुरू केला. ठोकबा हे मित्रांनी पाडलेलं नाव. घरच्या नावाने आता फक्त आईच हाक मारायची. ती आज पहिल्यांदाच त्याचं वाजवणं ऐकायला आली होती आणि वर बाल्कनीत बसली होती.

दोन मिनिटांत सगळी बाल्कनी तालावर पाय आपटू लागली. एरवी ठोकबाच्या अंगावर मूठभर मांस चढलं असतं. पण तेवढ्यात थिएटरचा मॅनेजर वाकत वाकत मागून आला आणि त्याच्या कानाशी लागला.

"बाल्कनीच्या तुळईला तडा गेलाय. वाजवणं थांबवू नका, लोक बिथरतील. फक्त त्यांचे पाय थांबवा. आम्ही एकेक रांग खाली आणतो."

ठोकबाने आधी मोठ्या ड्रमच्या पेडलवरचा पाय काढला. तरी वरचे पाय पडतच राहिले. ताल लोकांच्या अंगात भिनला होता. मग त्याने चारातली एक मात्रा गिळली, पुढच्या खेपेला दोन वाढवल्या. याचं डोकं ठिकाणावर आहे ना, अशा नजरेने मेहुण्याने वळून पाहिलं. ठोकबाने डोळ्यांनीच वर दाखवलं. मेहुणा काय समजला कोण जाणे, पण त्यानेही सूर सैल सोडले. वरचे पाय अडखळले, चुकले, थांबले.

सहा मिनिटांची रचना एकोणीस मिनिटं चालली. रांगा रिकाम्या होत गेल्या, पण आई काही जागची हलेना. बोलवायला आलेल्या थिएटरच्या मुलीला ती हातानेच 'थांब' म्हणत होती. ठोकबाच्या घामेजल्या हातातून एक काठी निसटली. ती न उचलता तो एका हाताने वाजवत राहिला. शेवटी मॅनेजर स्वतः वर गेला आणि तिला दंडाला धरून जिन्याकडे घेऊन आला.

बाहेर पायरीवर ती रुसून बसली होती.

"शेवटी तुझा ताल पार गेला रे. मी आले म्हणून घाबरलास का?"

"घाबरलोच होतो," म्हणत तो शेजारी टेकला आणि त्याने सगळं सांगितलं.

"माझ्या शेजारची हिरव्या साडीतली बाई डोळे मिटून ऐकत होती," आई म्हणाली. "ती उतरली ना?"

ठोकबा तसाच उठून पळाला. हिरव्या साडीतली ती बाई तिकीटखिडकीपाशी फोनवर कुणाला तरी सांगत होती, कार्यक्रम बरा झाला, शेवट जरा लांबला.