‘ज’चा खण

मित्रांनो, मी कोल्हापुरातल्या शिवलिंग गुरुजींचे जुने सागवानी कपाट आहे. मला दारे नाहीत. अंगभर नुसते खण आहेत आणि प्रत्येकावर एकेक अक्षर. १९९२ साली मला घडवताना केरबा सुतार हसला होता. "गुर्जी, एवढं खण कशाला? कबुतरं पाळतायसा व्हय?"

"जगातलं सगळं ज्ञान भरायचंय, केरबा," गुरुजी म्हणाले. माझी छाती तेव्हाच फुगली.

निवृत्त झाल्यावर गुरुजींनी दुसरे काही केलेच नाही. गुऱ्हाळावर जाऊन रस कढवायच्या काहिलीची मापे विचारावीत, तालमीतल्या वस्तादांकडून डाव उतरवून घ्यावेत आणि चिठ्ठ्या करून माझ्या खणांत घालाव्यात. शेजारच्या बायडाबाई आल्यागेल्याला मला दाखवत. "काय बी विचारा पावणं, हितं घावतंय."

गुरुजींच्या पत्नी रत्नव्वा रोज माझी धूळ पुसत. पुसता पुसता त्या आपल्या माहेरचा, सीमेकडचा कानडी पाळणा गुणगुणत. त्याला त्या जोगुळ म्हणत. गुरुजी मान वर न करता म्हणत, "जरा हळू म्हण की. काम चाललंय." मग त्या गप्प होत.

२००३ साली रत्नव्वा गेल्या. पुढच्या वर्षी लेक विद्याश्री माहेरी बाळंत झाली. बारशाला बायका जमल्या, मुलीला पाळण्यात घातले, पण जोगुळ म्हणायला कुणी उरले नव्हते. विद्याश्रीला पहिली ओळ तेवढी येत होती.

"अप्पा, अव्वाचा जोगुळ तुमच्या कपाटात आसंल की. काढा."

"आसंल म्हंजे? सगळं हाय त्यात," बायडाबाई म्हणाल्या.

गुरुजींनी ‘ज’चा खण ओढला. जातं, जायफळ, जोंधळा... ते एकेक चिठ्ठी चाळत गेले. तळाशी एक पिवळी पडलेली चिठ्ठी निघाली. विद्याश्रीने ती घेतली आणि मोठ्याने वाचली.

"जोगुळ. रत्नव्वा घरातच आहे, सवडीने विचारणे."

बाळ रडत होते. गुरुजी जमिनीकडे बघत राहिले आणि मला माझ्या भरल्या खणांची लाज वाटली. तो पाळणा मी रोज ऐकला होता, पण लाकडाला गळा कुठला?

मित्रांनो, ज्ञान जरूर जमवा. पण काखेत कळसा असताना गावाला वळसा घालू नका, आणि घरात कुणी गुणगुणत असेल तर त्याला गप्प बसवू नका.

गुरुजींनी तो खण पुन्हा आत ढकलला नाही. येता-जाता त्याचा कोपरा सगळ्यांना लागतो, तरी कुणी बंद करत नाही.