पांढऱ्या कांद्याला राग चालत नाही

मांडव्याच्या जेट्टीवर श्रद्धामॅडम उतरल्या तेव्हाच मी ओळखलं, या बाईला काहीतरी थाप मारल्याशिवाय आपल्या पोटातलं अन्न पचणार नाही.

माझ्या रिक्षात बसल्या बसल्या त्यांनी डोळे मिटले, लांब श्वास घेतला आणि म्हणाल्या, "किती शांतता आहे ना इथे!" समोर बोटीतून उतरलेली माणसं बॅगांवरून भांडत होती. मागच्या रिक्षावाल्याने भोंग्यावर हात ठेवला होता तो काढलाच नव्हता.

"दसऱ्यानंतरच शांतता येते, मॅडम," मी म्हटलं. "गणपतीत आला असतात तर मिळाली नसती. स्टॉक नसतो."

त्यांनी गंभीरपणे मान डोलावली. संपलंच की मग.

आता मॅडम कोण ते सांगतो. मुंबईच्या बायकांसाठी त्या आरोग्याची शिबिरं घेतात. दर महिन्याला एक. त्यासाठी त्यांना किहीमच्या बाजूला जागा हवी होती. माझ्या पुतण्याने, हर्षदने, तळोज्याच्या कंपनीतली नोकरी सोडून आमच्या जुन्या गोठ्याच्या तीन खोल्या केल्या होत्या. खोल्या झकास, फक्त माणूस फिरकत नव्हता. येणारा पहिलं विचारायचा, "स्विमिंग पूल आहे?" आमच्याकडे विहीर. कंपनीवाल्यांनी परत बोलावलं होतं, दिवाळीपर्यंत हो की नाही सांग म्हणून. मॅडमनी जागा घेतली तर पोरगा घरी, नाहीतर परत तळोजा. माझा थोरला भाऊ गेल्यापासून जनीवहिनी एकटीच शेत सांभाळते. ती तोंडाने बोलत नव्हती, पण हर्षदच्या ताटात रोज दोन भाकऱ्या जास्त पडत होत्या.

मॅडम फोनवर म्हणाल्या होत्या, "मला पूल नको. मला जेवणात कथा हवी."

हर्षदने मला बजावलं होतं, "काका, तुम्ही फक्त त्यांना आणा. बोलू नका, प्लीज."

जेट्टीवरचं तेवढं सोडलं तर चोंढीच्या नाक्यापर्यंत मी बोललो नाही.

नाक्यावर मॅडमच म्हणाल्या, "तुमचा तो पांढरा कांदा मिळेल ना? गोड असतो तो? मला सॅलडवर घालायला घरचं ड्रेसिंग करून हवंय. बाटलीतलं नको. तेल नको, साखर नको. कांद्याच्या गोडीवरच सगळं."

"मिळेल की. पण आमच्या कांद्याची एक अट असते."

"कसली?"

"त्याला राग चालत नाही. रागावलेल्या माणसाने हात लावला की तिखट होतो."

आरशात बघितलं. मॅडमचे डोळे एवढाले झाले होते.

"म्हणजे तो एनर्जी पकडतो?"

"पकडतो काय, सोडतच नाही. म्हणून आमच्याकडे कांद्याचं काम घरातल्या सगळ्यात शांत बाईकडे असतं."

"तुमच्याकडे कोण करतं?"

"आमची जनीवहिनी," मी म्हटलं आणि गिअर बदलला.

जनीवहिनी! जिच्या आवाजाने आमच्या घरावर कावळा बसत नाही. मीटर बघायला येणारा माणूस कुंपणाबाहेरूनच मान लांब करून आकडा घेतो. सकाळी चूल पेटायच्या आधी वहिनी पेटते.

घरी पोचल्यावर हर्षदला हे कळलं तेव्हा त्याने कपाळाला हात लावला. "काका! आई? शांत?"

"दोन दिवसांचा तर प्रश्न आहे."

वहिनीने ऐकलं आणि कंबरेवर हात ठेवले. ती लग्न होऊन आली तेव्हा मी अर्ध्या चड्डीत होतो, म्हणून अजून मला अरेतुरे करते. "माझ्या नावावर शांती खपवलीस व्हय रे, मेल्या? तुझं तळपट..."

"वहिनी, हळू! मॅडम खोलीत आहेत. पोराच्या नोकरीचा प्रश्न हाय."

वहिनीचं तोंड उघडं होतं तसंच मिटलं. एवढी मोठी शिवी आत परत जाताना मी आयुष्यात पहिल्यांदा बघितली. गळ्यातून खाली उतरताना दिसली सुद्धा.

दुपारी वहिनी पाट्याशी बसली. मॅडम समोर मांडी घालून. दोन कांदे कच्चे, दोन चुलीच्या निखाऱ्यात भाजून सोललेले. चमचाभर भिजवलेले तीळ, चिमूटभर मोहरी, चार मिरी. आंबटाला कोकमाचं आगळ, त्यातच मीठ असतं. असलं वाटण वहिनी आम्हाला भाकरीबरोबर देते आणि आम्ही त्याला काही नाव ठेवलेलं नाही. आता ते ड्रेसिंग झालं.

मी खांबाला टेकून उभा. एवढी संधी परत येणार नव्हती.

"वहिनी, तुझा नवा विळा मी शेजारी दिला हां. नारळ सोलायला."

वहिनीचा वरवंटा थांबला. मॅडम बघत होत्या.

"दिलास? बरं केलंस हो, भावजी." आणि वरवंटा असा फिरला की पाट्याला धडकी भरावी.

"आणि तुझी ती काळी कोंबडी कालपासून दिसत न्हाय."

"जाईल कुठं? येईल बिचारी." खर्र, खर्र, खर्र.

"आणि भाऊबीजेला मी यंदा हातपंखा देणार हाय तुला."

"न्हाय दिलास तरी चालंल," वहिनी सगळे दात दाखवून हसली. तोंडातून निघाला नाही की राग हातातून निघतो. वाटण असं झालं, जसं देवाचं गंध.

गावठी तवसं, म्हणजे मोठी काकडी, किसलेलं होतं, त्यावर ते ओतलं. मॅडमनी घास घेतला, डोळे मिटले. "शांती," म्हणाल्या. "मला शांती लागतेय जिभेला." मग म्हणाल्या, "उद्या मी स्वतः करते. त्याचा व्हिडिओ करते आणि उद्याच फायनल सांगते."

हर्षदने माझ्याकडे बघून पहिल्यांदा अंगठा वर केला. त्यावर मी गप्प बसायला हवं होतं. पण मला वाटलं, वहिनी अजून किती ताणते ते तरी बघू. दुसऱ्या दिवशी सकाळी पडवीतली खायच्या कांद्यांची माळ काढली, रिक्षाच्या सीटखाली टाकली आणि अलिबागचं भाडं घेऊन गेलो. म्हटलं, वहिनी माळ शोधणार, मॅडमसमोर बोलता येणार नाही, नुसती लाल होणार. दुपारी आल्यावर बघू.

पण वहिनी तर भातकापणीला गेली होती. माळ शोधायची वेळ आली हर्षदवर. पडवीत माळ नाही. मॅडम फोन स्टँडला लावून तयार. पोरगा बावरला. स्वयंपाकघरात चुलीच्या वर, आढ्याला, लाल चिंधी बांधलेली एक माळ होती. कांदे एकसारखे, टपोरे, मोत्यासारखे. दहा वर्षं तळोज्याला काढलेल्या माणसाला त्यात फक्त कांदे दिसले.

ती बियाण्याची माळ होती.

उन्हाळ्यात कांदा निघाला की त्यातले सगळ्यात चांगले वहिनी निवडते आणि वेगळे विणते. ते खायचे नाहीत, विकायचे नाहीत, पाहुण्याला द्यायचे नाहीत. दिवाळीच्या सुमाराला ते परत मातीत लावायचे. त्यांना गोंडे येतात, गोंड्यांत बी धरतं आणि त्या बियातून पुढचा कांदा. आमच्या घरात हे सासूकडून सुनेकडे चालत आलेलं आहे. ती माळ संपली म्हणजे आपला कांदा संपला.

मी अलिबागहून आलो ते नेमका त्या वेळी. मागच्या दाराने वहिनी जुना विळा घेऊन शेतातून आली. पडवीत मॅडम ड्रेसिंगचा वाडगा हातात घेऊन फोनकडे बघून हसत होत्या. त्यांच्या मांडीशी लाल चिंधी आणि माळेची अर्धी उघडी वेणी.

वहिनीने वेणी बघितली. मग हर्षदला बघितलं. मग माझ्या हातातली, सीटखालून काढलेली माळ बघितली. तिला सगळं कळलं.

"मोऱ्या!"

माझं नाव ऐकून समोरच्या वाडीतल्या गाई उठून उभ्या राहिल्या.

"मुडद्या! तुझ्या मस्करीला जळवा लागोत! माझ्या सासूचं बी ते! तिनं मरताना सांगितलेलं, जने, सोनं मोड पण ही माळ मोडू नको! ती माळ तू त्या... त्या पाल्यावर ओतायला लावलीस? तुझ्या रिक्षाचं चाक भर बाजारात निघो! तुझ्या पानातली कोळंबी कायम मांजर नेवो!"

दोन दिवसांचं साचलेलं होतं. विळाही त्यात आला, कोंबडीही आली, हातपंखाही आला. मी मान खाली घालून ऐकत होतो आणि खोटं कशाला बोलू, जरा बरंही वाटत होतं. घर परत घरासारखं वाटायला लागलं होतं.

वहिनी दम खायला थांबली तेव्हा मॅडमनी ड्रेसिंगचा चमचा तोंडात घातला. चेहरा वाकडा झाला, डोळ्यांत पाणी आलं.

"तिखट! भयंकर तिखट झालंय. यात रागाची चव येतेय." वाडगा खाली ठेवला. "सॉरी हर्षद. मी खूप सेन्सिटिव्ह आहे. या घरात फार राग आहे. मी माझ्या बायकांना इथे नाही आणू शकत. काका, मला जेट्टीवर सोडा."

हर्षदने खिशातून फोन काढला आणि कंपनीच्या माणसाचा नंबर शोधायला लागला. वहिनीने ते बघितलं. आतापर्यंत एवढी ओरडलेली बाई, तिच्या हातातला विळा खाली गेला. मस्करी माझी आणि तळोजा पोराला?

"मॅडम," मी म्हटलं, "सोडतो. फक्त एक सांगा. हे वाटलं कोणी?"

"मी."

"चिरलं?"

"मीच."

"वहिनी तेव्हा कुठे होती?"

"शेतात असेल."

"म्हणजे ओरडली ती वाटून झाल्यावर. कांद्याने पकडला तो राग मग कोणाचा?"

मॅडमनी वाडग्याकडे बघितलं, जसं त्यात काहीतरी हलतंय.

"मी... मी रागावतच नाही. कितीतरी वर्षं झाली. मी त्यावर काम केलंय."

"तेच ते. साचलाय. आमच्या वहिनीचा रोजचा ताजा निघतो, कांद्याला त्याची सवय हाय. तुमचा मुरलेला."

वहिनीने माझ्याकडे असं बघितलं की नंतर बघून घेईन. मग पदर खोचला. "बस गं बाय इथं. परत वाट. कोणावर राग हाय तुझा?"

"कोणावरच..."

"नाव घे."

मॅडमनी वरवंटा धरला. बराच वेळ नुसता फिरवला. मग हळूच म्हणाल्या, "स्वप्निल."

"कोण तो?"

"माझा पार्टनर होता. शिबिराची आयडिया माझी, नाव त्याने स्वतःचं लावलं. स्वप्निल, तू... तू योग्य वागला नाहीस."

"ही शिवी हाय की निमंत्रणपत्रिका?" वहिनी म्हणाली. "मेल्या म्हण."

"मेल्या."

"मोठ्यानं! वाडीत गेलं पाहिजे!"

"मेल्या! मेल्या स्वप्निल! तुझं... तुझं..."

"तळपट."

"तळपट होवो!" आणि मग जी सुटली बाई, वहिनीला सुद्धा शब्द पुरवावे लागले नाहीत. घामाघूम, केस तोंडावर, वरवंटा गरगर. मराठी संपलं तेव्हा इंग्रजीत गेली, ते संपलं तेव्हा परत मराठीत आली.

पहिल्या वाटणात मॅडमनी सगळे कांदे कच्चेच घातले होते, तिळाचा पत्ता नव्हता आणि मिरी मात्र मूठभर. त्या शिव्या देत असताना वहिनीने निखाऱ्यात विसरून राहिलेले भाजके कांदे गुपचूप पाट्यावर सरकवले आणि वर तीळ भुरभुरले. मी बघितलं.

मॅडमनी बोटाने चाटून बघितलं. "गोड," म्हणाल्या, आणि ढसाढसा रडल्या. "गोड झालंय!"

हर्षदने फोन खिशात ठेवला.

आता दर महिन्याच्या पहिल्या शनिवारी बोटीने डझनभर बायका येतात. प्रत्येकीला पाटा, प्रत्येकीला कांदा. फक्त पहिल्याच खेपेला एक अडचण आली. मॅडम म्हणाल्या, नुसत्या हवेत शिव्या देता येत नाहीत, समोर माणूस लागतो. सगळ्यांचे स्वप्निल काही आणता येणार नाहीत.

वहिनी माझ्याकडे बघून गोड हसली.

म्हणून मी आता जांभळाखाली स्टुलावर बसतो. एकीचा मी साहेब असतो, एकीची नणंद, एकीचा सोसायटीचा सेक्रेटरी. उरलेल्या अर्ध्या माळेचे कांदे परसात लावले, तिथली खुरपणी आणि राखण शिक्षा म्हणून माझ्याकडे. थंडीत गोंडे छान आले. वहिनी रोज मोजल्यासारखी बघून जाते आणि जाता जाता मला ताजी एक शिवी देऊन जाते.

गेल्या शनिवारी एक बाई होत्या, अगदी सभ्य. वाटत होत्या पण तोंडातून शब्द फुटेना. "मला नाही हो जमत," म्हणाल्या. मॅडम हताश.

मी स्टुलावरून खाली वाकलो आणि हळूच म्हटलं, "मॅडम, तुमची ती निळी बॅग होती ना? ती मी चुकून म्हसळ्याच्या एसटीत चढवली."

त्या महिन्यात तेवढं गोड ड्रेसिंग दुसऱ्या कोणाचंच झालं नाही.