तिसऱ्या गाण्याआधीची आरोळी

जुन्या रेकॉर्डांवरचं संगीत कॉम्प्युटरवर उतरवणं हे माझं काम. पण घरातल्या एका रेकॉर्डपुढे मी हात टेकले होते. आई आणि मावशी तरुणपणी ज्या रॉक बँडच्या कार्यक्रमाला गेल्या होत्या, त्याचंच ते रेकॉर्डिंग. तिसऱ्या गाण्याआधी गर्दीतून कुणीतरी ओरडतं. "ती मी!" असं आई म्हणायची. "चल, काहीतरीच! तो माझा आवाज," असं मावशी. तबकडी इतकी घासून गेली होती, की खरखरीपलीकडे काही कळायचं नाही.

मग स्टुडिओत एका संग्राहकाने त्याच अल्बमची जवळपास कोरी प्रत आणली. मी ती धुतली, वाळवली, नवी सुई लावली आणि शक्य तितक्या बारकाईने उतरवून घेतली. संग्राहकाची परवानगी काढून रविवारी फाइल घरी नेली. स्वतः मात्र मुद्दामच ऐकली नव्हती.

दोघी स्पीकरला कान लावून बसल्या. बाबा खिडकीपाशी नखं कापत होते.

दुसरं गाणं संपलं. टाळ्या ओसरल्या. आणि एक पुरुषी आवाज खणखणीत घुमला, "ओ वेणीवाल्यांनो! खुर्च्यांवरून खाली उतरा! मागच्यांनी काय बघायचं?"

आईने मावशीकडे बघितलं, मावशीने आईकडे. मग दोघींनी सावकाश माना वळवल्या. बाबांचे कान लालबुंद झाले होते.

"तुम्ही होतात तिथे?" आईने विचारलं.

"तिकीट काढून आलो होतो. दोन वेण्यांशिवाय काही दिसलं नाही."

"आणि इतकी वर्षं मूग गिळून बसलात?"

"लग्नानंतर तू, तुम्ही दोघी खुर्च्यांवर चढल्याचं सांगितलंस, तेव्हा माझ्या डोक्यात प्रकाश पडला. पण तोवर तुमचं दोघींचं भांडण जुंपलेलं. मध्ये पडून कुणाच्या शिव्या खाऊ?"

मावशीला हसून हसून ठसका लागला. आई रागवायचा प्रयत्न करत होती, पण ओठ काही ऐकेनात. "म्हणजे भावजी, तुम्ही आमच्यावरच खेकसलात?" मावशी डोळे पुसत म्हणाली. "अहो, मग रेकॉर्डवर आम्ही आहोतच की!"

तिने तिथल्या तिथे दोन मैत्रिणींना फोन लावून ही बातमी कळवली. आईने बाबांना हाताला धरून आपल्या शेजारी बसवलं आणि मला आवाज वाढवायला सांगितलं. तिसरं गाणं सुरू झालं. बाबा गुडघ्यावर ठेका धरत होते, तोही चुकीचा. दोघींपैकी कुणीच त्यांना टोकलं नाही.