दिपूच्या नावाची मूठ

"पुनम, मुठी टाकतस तव्हय तठे उभी ऱ्हाय. बठ्ठासनं नाव लेतस का नई, देख."

मुठी टाकताना सगळ्यांचं नाव घेतात का ते बघ, असं माझ्या सासूबाई, भिकुबाई अक्का, मागच्या श्रावणात मला म्हणाल्या होत्या. डोळ्याचं ऑपरेशन नुकतंच झालेलं, हिरवी पट्टी लावून बसलेल्या. मी "हो अक्का" म्हटलं आणि माझ्या लेकीच्या, दिपूच्या, फ्रॉकवर तिचा नंबर शिवत राहिले.

कानबाई ही आमची खान्देशातली देवी; श्रावणात तिच्या रोटांसाठी, म्हणजे नैवेद्याच्या जाड पोळ्यांसाठी, आमच्याकडे घरातल्या एकेकाचं नाव घेऊन सव्वा मूठ गहू सुपात टाकतात. टाकायचे कर्त्या पुरुषानं. त्याच पिठाचे रोट, आणि खायचे फक्त घरच्यांनी. मूठभर गहू इकडचे तिकडे झाले तर काय बिघडणार, असं मला वाटायचं. मी जळगावात बी.एस्सी. केलेली. त्यात दोनच दिवसांनी दिपूला तळविद्यापीठात सोडायचं होतं, घरभर सामान पसरलं होतं.

जळगावच्या मेहरूण तलावाखालचं तळविद्यापीठ खान्देशातल्या कुठल्याही आईला ठाऊक असतं. सकाळी पाणी थिजल्यासारखं झालं की काठापासून पायऱ्या दिसू लागतात. ऊन अडवणं, वारा वळवणं, आटलेल्या विहिरीशी बोलणं, असं तिथे शिकवतात. पोरं घेतात ती दुधाचे सगळे दात शाबूत असलेलीच. दर रविवारी आईबापांनी काठावरून हाक मारली की पोरं वर येतात.

दिपमाला, माझी पाच वर्षांची दिपू, निवडली गेली तेव्हा तिचा बाप, नवल, रडला होता. नवलही तिथेच शिकला, पण दुसऱ्या यादीत. उन्हाळ्यात धुळ्याच्या बसस्टँडवर सावली धरायचं काम करतो. वीस माणसांपुरती सावली. एकविसावा आत शिरला की त्याचे हात थरथरतात.

मुठी टाकायच्या वेळी तो म्हणाला, "तू बॅग भर, मी बघतो." मी बॅग भरली. खोकल्याचं औषध, नेलकटर, दोन टॉवेल. माझ्या नजरेतून काही सुटत नाही, असं सगळे म्हणतात.

दुसऱ्या दिवशी जेवायला बसल्यावर दिपूनं विचारलं, "माझा रोट कोणता?"

"आईचा अर्धा खा," नवल म्हणाला.

मी हसून अर्धा मोडून दिला. तेसुद्धा माझ्या लक्षात आलं नाही.

पहिल्या रविवारी डबा घेऊन मी मेहरूणला गेले. काठावर आयांची गर्दी. पहूरच्या बेबाबाई मला सांगत होत्या, "आमचा बाप्पा आठ दिवसांत वारा वळवायला शिकला म्हणे. अंथरूण ओलं करायचं कधी थांबवतो ते विचारते आता." आम्ही दोघी हसलो. त्यांनी हाक मारली, पोरगा धावत वर आला आणि डब्यावर तुटून पडला.

मी हाक मारली, "दिपूऽ!"

कोणी आलं नाही. चार वेळा हाक मारल्यावर ती सावकाश वर आली. माझी पोर. केसांची वेणी कोणीतरी घट्ट घातलेली, ती अशी घातली की तिचं डोकं दुखतं.

"काकू," ती म्हणाली, "तुम्ही कोणाकडे आल्या?"

मला वाटलं, चेष्टा करतेय. मी तिचा हात धरला. तिनं तो काढून घेतला, एखादी शहाणी मुलगी अनोळखी बाईच्या हातातून काढून घेईल तसा. मीच तिला तसं शिकवलं होतं.

चिंधाभाऊ म्हणून तिथले शिपाई आहेत. त्यांनी वही उघडून बोट फिरवलं. "ताई, ही बिनघरची. पहिल्या यादीतली. हिच्या घरानं हिला मोजलेलं नाही."

"मी आई आहे हिची!"

"असाल," ते हळूच म्हणाले. "पण मूठ पडलेली नाही ना."

दिपू पायऱ्या उतरून गेली. तिच्यामागे पायऱ्याही गेल्या. बेबाबाई म्हणाल्या, अहो, ह्या काय इथेच आहेत. मला नुसतं पाणी दिसत होतं. अजूनही तेवढंच दिसतं.

धुळ्याला घरी पोचले तेव्हा नवल चहा पीत होता.

"तुम्ही किती मुठी टाकल्या?"

"तीन."

"आपण चौघं आहोत."

त्यानं कप खाली ठेवला. "खरी विद्या बिनघरच्यांनाच देतात, पुनम. ज्याला घर ओढत नाही, त्याच्याच हाताला नदी लागते. माझ्या बापानंही मुठी टाकताना माझं नाव गाळलं होतं. पण आई आडवी आली. म्हणून मी बसस्टँडवर उभा आहे."

"मला विचारलं का नाही?"

"तू हो म्हटलं नसतं."

त्या दिवसापासून मी त्याला अहो म्हणत नाही.

आतल्या खोलीत अक्का रडत होत्या. "त्याना बापनी त्यानं नाव सोडं. मी चोरीसन मूठ टाकी, म्हणीसन पोऱ्या घर वना. तुले सांगं व्हतं ना बेटा." सांगितलं होतं, पण अर्धंच. मेलेल्या नवऱ्याची गोष्ट सुनेला कशी सांगायची, म्हणून उरलेलं पोटात ठेवलं. तेव्हा मी त्यांच्याशीही महिनाभर बोलले नाही.

आता बोलते, कारण उपाय त्यांनाच ठाऊक आहे. दुधाचा पहिला दात पडायच्या आत घरानं मोजलं, तर पोर परत येते. दात पडला की ती कायमची विद्यापीठाची. आणि मूठ पडायला हवी ती ह्याच घरातून, म्हणून मी माहेरी गेले नाही. नवलला दोन वेळा भाकरी वाढते आणि त्याच्या हातांकडे बघत राहते. परवा जेवताना अक्का त्याच्यासमोरच म्हणाल्या, "अवंदा मुठी पुनम टाकी." तो ताट सोडून उठला.

गहू मी निवडून ठेवलेत, कपाटात, कुलपात. श्रावणाला अजून तेवीस दिवस आहेत आणि दिपूला सातवं लागलंय.

तुम्हाला पायऱ्या दिसतील, तुमचं तिथे काही गेलेलं नाही. रविवारी सकाळी मेहरूणला फिरायला गेलात तर काठावर थांबून दिपूला हाक मारा. डाव्या भुवईवर तीळ असलेली मुलगी दिसेल. माझं नाव सांगू नका, ती घाबरेल. तिला फक्त हसवा. हसली की खालचे पुढचे दोन दात बघा, दोन्ही जागेवर आहेत का, आणि मला कळवा.