तळाशी उरलेला खार

मी एक जुनी बरणी आहे, मित्रांनो. खांद्यापर्यंत तपकिरी, खाली दुधी, आणि पोटानं चांगली ऐसपैस. सगळे मला चिनीमातीची म्हणतात, पण चीन मी पाहिलेला नाही. माझा जन्म गुजरातेतल्या एका भट्टीतला. तिथून ट्रकनं ठाण्याचा बाजार, आणि बाजारातून वासंतीबाईंच्या कडेवर बसून नौपाड्यातल्या दुसऱ्या मजल्यावरचं स्वयंपाकघर. माझा प्रवास एवढाच. तरी माझ्या पोटात किती मुलुख येऊन गेले ते ऐकलंत तर तुम्हाला नवल वाटेल.

वासंतीबाई शाळेत इतिहास शिकवायच्या. मे महिन्यात कैऱ्या फोडून झाल्या की त्या लेकीला, उर्वीला, जवळ बसवून घेत. ती तेव्हा दोन वेण्यांची होती. परातीत एकेक जिन्नस पडायचा आणि बाईंचा तास सुरू व्हायचा.

"ही मिरची. पोर्तुगीजांच्या जहाजातून आली. त्याआधी आपल्याकडे तिखट म्हणजे मिरीच. हा हिंग इराण-अफगाणिस्तानातला, आजही तिकडूनच येतो. कैरी मात्र इथलीच."

"आणि मीठ?"

"मीठ आपल्या खाडीकाठचं. बाबांनी आणलेलं."

उर्वीचे बाबा, गुरुदत्तराव, कोलशेतच्या कारखान्यात नोकरीला होते. येताना तिथल्या एका दुकानातून ते जाडं मीठ आणायचे. लोणच्यात त्यांचं काम तेवढंच, आणि नंतर नावं ठेवण्याचं.

मग बाई कल्याणवर यायच्या. "दोन हजार वर्षांपूर्वी आपल्या कल्याणला दूरदूरची गलबतं लागायची, उर्वी. कुठकुठली माणसं उतरायची. भाषा निराळ्या, देव निराळे. घासाघीस मात्र सगळ्यांची सारखीच असणार."

उर्वी खुदकन हसायची. मीही हसले असते. माझं तोंड एवढं मोठं आहे, मित्रांनो, पण त्यातून शब्द फुटत नाही.

लोणचं भरण्याआधी माझी एक तयारी असे. गेल्या वर्षीचा खार, म्हणजे तळाशी उरलेला तो दाट, तांबडा मसाला, बाई वाटीत काढून घेत. मला पाणी कधी लागू देत नसत. कोरड्या फडक्यानं पुसत आणि निखाऱ्यावर हिंगाची चिमूट टाकून मला त्यावर पालथी घालत. तो धूर अंगात भिनला की तो जुना खार आधी तळाशी घालायचा, नव्या फोडी त्यावर. म्हणजे मी कधी पूर्ण रिकामी झालेच नाही. प्रत्येक वर्षाच्या लोणच्यात आधीच्या सगळ्या वर्षांचा अंश असायचा.

लोणचं मुरलं की बाटल्या भरल्या जात. एक शेजारी, एक शाळेत, आणि एक कोपरला, बाईंच्या धाकट्या बहिणीकडे, हेमामावशीकडे.

"सगळं वाटूनच टाकतेस," उर्वी कुरकुरायची. "आपल्याला काय उरणार?"

"बंदर म्हणजे माल साठवून ठेवायची जागा नव्हे गं. आलेलं पुढे पाठवायची जागा. जहाजं थांबली आणि गाळ साचला, की मग राहतो तो नुसता चिखल."

पहिल्या दिवशी जेवताना गुरुदत्तराव फोड चाखत, डोळे मिटत आणि दरवर्षी एकच वाक्य बोलत. "मीठ जरा जास्त झालंय."

"खाडीकाठी राहता, आणि मिठाला नावं ठेवता?" हे बाईंचं ठरलेलं उत्तर.

अशी बरीच वर्षं गेली. उर्वीच्या वेण्या गेल्या, चष्मा आला. गेल्या वर्षी बाईंनी लोणचं घातलं तेव्हा फोडी कालवताना त्यांचा हात मधेच थांबायचा. उर्वीनं परात ओढून घेतली तर म्हणाल्या, "राहू दे, मला करू दे." बाटल्या त्यांनी नेहमीसारख्या पाठवल्या. आणि भाद्रपद संपायच्या आत त्या गेल्या.

बरणीला माणसाचा हात फार चांगला कळतो. त्यानंतर मला उचलणारा हात उर्वीचा होता. तिनं माझ्या तोंडावर कापडाचा दादरा घट्ट बांधला आणि मला फडताळात सर्वांत वर, मागे ठेवलं. अर्ध्याहून जास्त लोणचं अजून माझ्या पोटात होतं. ते तिच्या आईच्या हातचं शेवटचं होतं.

बाबांच्या ताटात विकतचं लोणचं आलं.

"हे काय? चव कमी आणि रंगच जास्त. घरचं आहे ना अजून?"

"आहे, बाबा. सणाला काढू."

"बँकेच्या लॉकरात ठेवलंयस की काय?" ते हसत म्हणाले. दिवाळी झाली, संक्रांत झाली. उर्वीनं दर वेळी एवढीशी फोड वाढली, नंतर तीही नाही. बाबांनी मागणं सोडून दिलं.

पण उर्वी माझ्याकडे यायची. दुपारी बाबांचा डोळा लागला की स्टुलावर चढायची, दादरा सोडायची, नाक जवळ आणून वास घ्यायची आणि परत बांधायची. चमचा कधी घातला नाही. मला कळत होतं. फोडींनी तेल पिऊन टाकलं होतं, वरच्या उघड्या पडल्या होत्या, आणि तिच्या उष्ण श्वासाची ओल त्यांच्यावर बसत होती. अगं, ढवळ गं, मी मनात म्हणत होते. खाली-वर कर, तेल घाल, खा. पण वाचा कुठून आणू?

चैत्रात बाबांच्या वाढदिवसाला तिनं मला खाली उतरवलं. बाबा ताटावर बसले होते. दादरा सुटला आणि ती तशीच उभी राहिली. माझ्या तोंडाशी पांढरी-हिरवी बुरशी दाटली होती. तिनं चमचा तळापर्यंत घातला. आतही तेच.

"बाबा, गेलं सगळं," ती म्हणाली. "तिचा खारसुद्धा गेला."

बाबा उठून आले. त्यांनी वाकून पाहिलं. "लपवून ठेवलं होतंस होय?"

"लपवलं नाही. पुरवत होते."

"कुणाला?"

उर्वीनं चमचा ओट्यावर ठेवला.

त्या दिवशी मी पहिल्यांदा धुतली गेले. साबण, गरम पाणी, मग बाल्कनीतलं ऊन. इतकी स्वच्छ आणि इतकी परकी मी कधीच नव्हते. माझ्या पोटात कुठलाच मुलुख उरला नव्हता. उर्वी मला कुणाला तरी देऊन टाकायला निघाली होती.

हेमामावशी आली ती हे ऐकूनच. दारातूनच तोंड सुरू. "काय हो भावोजी, पोरीला कुणी सांगितलं नाही, लोणचं हलतं ठेवावं लागतं म्हणून? आणि तू गं, एवढी शिकलेली! देव्हाऱ्यात ठेवायचं का ते?"

उर्वीचे डोळे भरले. मावशीचा आवाज खाली आला. तिनं पिशवीतून जाडजूड फडक्यात गुंडाळलेली काचेची बाटली काढली. तळाशी दाट, तांबडा खार होता.

"ताईनंच पाठवलेलं. फोडी संपल्या आमच्या, पण हे मी ठेवते तिच्यासारखंच, पुढच्या वर्षाला. घे."

उर्वीनं बाटली उघडली, वास घेतला आणि मला जवळ ओढून घेतलं.

त्या मे महिन्यात कैऱ्या आल्या. मला हिंगाची धुरी मिळाली. बाईंच्या जाण्यानंतर घराबाहेर फारसे न पडणारे बाबा चपला घालून म्हणाले, "मीठ मी आणतो. तुम्हाला कुठलं ते कळायचं नाही." उर्वीनं आधी बाटलीतला खार माझ्या तळाशी घातला, मग फोडी.

मित्रांनो, तुमच्याही फडताळात कुणाच्या हातचं काही शेवटचं उरलं असेल. त्याचा नुसता वास घेत बसू नका. कोरडा चमचा घाला, ढवळा, चार घरी पाठवा. उर्वीनं या वर्षी कोपरची बाटली सर्वांत आधी भरली.

मग तिनं बाबांना वाढलं. त्यांनी फोड चाखली, डोळे मिटले आणि म्हणाले, "मीठ जरा जास्त झालंय."

"खाडीकाठी राहता," उर्वी म्हणाली, "आणि मिठाला नावं ठेवता?"

बाबांनी ताट पुढे सरकवलं.

"अजून एक वाढ."