ड्रॉइंगमास्तरांची सहल

मिशी काढून दोन तास झाले होते आणि वरचा ओठ अजून गार लागत होता. बत्तीस वर्षं सांभाळलेली मिशी मी एका परक्या पोरासाठी उतरवली. तो पोरगा सकाळी सात वाजता मिनीबसच्या दारात उभा राहून माइकमध्ये फुंकर मारत होता. मी आणि बायको तिसऱ्या रांगेत, तिकिटं तिच्या माहेरच्या आडनावावर. त्याने आम्हाला कधी समोर पाहिलं नव्हतं, पाहिलाच असेल तर लेकीच्या मोबाइलमधला माझा मिशीवाला फोटो. आम्ही मात्र त्यालाच पाहायला आलो होतो.

आमच्या लेकीने त्याला पसंत केलं होतं. एका मोठ्या चित्रकाराचं जन्मघर, त्याने रंगवलेला पूल आणि शेवटचा स्टुडिओ अशी एका दिवसाची सहल काढणारी एक संस्था आहे, तिच्यात तो गाईड. येत्या रविवारी ती त्याला घरी आणणार होती. हे ठरलं तेव्हाच तिने मला समोर बसवून सांगितलं होतं, "बाबा, त्याची चौकशी करायची नाही. केलीत, तर यापुढे माझं काहीही तुम्हाला कळणार नाही."

तिला तसं म्हणायला कारण होतं. आधीच्या मुलाच्या वेळी मी त्याच्या ऑफिसखालच्या चहावाल्यापासून घरमालकापर्यंत सगळ्यांना भेटून आलो होतो. काही सापडलं नाही. सापडलं नाही म्हणून मी आणखी खोल गेलो, ते त्याच्या कानावर गेलं आणि तो निघून गेला. त्यानंतर सहा महिने लेक माझ्याशी कामापुरतं बोलायची. मीठ द्या, पंखा बंद करा, एवढंच. त्यामुळे या वेळी मी तिला शब्द दिला, अगदी गळ्याला हात लावून दिला.

पण स्वभावाला औषध कुठून आणायचं? एकतीस वर्षं मी विमा कंपनीसाठी आगीची पाहणी केली. गोदाम जळालं की मालक छाती पिटत यायचा, आत कापडाचे चारशे गठ्ठे होते म्हणायचा. मी राख उकरायचो. घट्ट बांधलेला गठ्ठा बाहेरून जळतो, आतून कोराच राहतो. नुसतीच राख निघाली, तर समजायचं की गठ्ठे आधीच मागच्या दाराने गेले. असे किती रडणारे मी पाहिलेत. माणूस जितका गोड, तितका मी सावध होतो.

आणि हा पोरगा गोड होता. सगळ्यांची चौकशी केली, बायकोला खिडकीची जागा बदलून दिली. बुटांना चकचकीत पॉलिश, पण एक नाडी काळी आणि दुसरी तपकिरी. मी ते मनात टिपून ठेवलं. मग त्याने प्रत्येकाला ओळख करून द्यायला सांगितलं आणि माझी पाळी आल्यावर मी म्हणालो, निवृत्त ड्रॉइंगमास्तर. बायकोला ठसका लागला.

चित्रकाराच्या सहलीत कोण खपून जाईल याचा मी विचार केला होता. त्याच सहलीत ड्रॉइंगमास्तराला सगळे प्रश्न विचारणार, हा विचार राहून गेला. टोपीवाल्या एका बाईंनी लगेच मागे वळून विचारलं की सावली नेमकी कोणत्या रंगाची काढावी. सावली पाहणाऱ्याच्या मनात असते, असं मी ठोकून दिलं. त्यांनी ते वहीत उतरवून घेतलं.

जन्मघर म्हणजे कुलुपं दुरुस्त करणाऱ्याच्या दुकानावरच्या दोन खोल्या. जिना इतका अरुंद की एकेकाने आडवं होऊन चढायचं. वर एक खाट, एक पाळणा, भिंतीला आरसा. मी डोळ्यांत तेल घालून उभा. आता हा सांगणार, याच पाळण्यात तो निजायचा, याच आरशात त्याने आपलं पहिलं चित्र पाहिलं. पण त्याने सांगितलं की खाट दुसऱ्या घरातून आणलेली आहे, पाळणा बाजारातून विकत घेतलाय, आणि चित्रकाराचा जन्म पुढच्या खोलीत झाला की मागच्या, याला काही पुरावा नाही. लोकांचे चेहरे पडले. एकाने तर मोबाइल खिशात ठेवला.

बायको कानात म्हणाली, पोरगा सरळ दिसतो हो. मी तिला सांगितलं की जो मालक आपणहून एखादी बारीकशी उणीव कबूल करायचा, त्याच्या गोदामात मी दोनदा जायचो. ती म्हणाली, तुम्ही देवळात गेलात तरी मूर्तीच्या मागे जाऊन बघाल.

अकरा वाजता आम्ही नदीवर पोचलो. तीन कमानींचा दगडी पूल, पलीकडे बंद पडलेली पिठाची गिरणी. हे चित्र कॅलेंडरवर सगळ्यांनी पाहिलेलं. इथे या सहलीची एक पद्धत आहे. प्रत्येकाला कागद आणि पेन्सिल मिळते, पंधरा मिनिटं बसून समोरचं काढायचं, आणि ते कागद मग संस्थेच्या फळ्यावर लागतात. अकरा माणसांनी वळून माझ्याकडे पाहिलं.

कमान कशी काढतात हे मला बापजन्मात ठाऊक नाही. पण कागद हातात आला, पेन्सिल आली आणि जळक्या गोदामांचे नकाशे काढलेला हात आपोआप चालू लागला. मी उठलो, पूल पावलांनी मोजला, बेचाळीस भरला. गिरणीची भिंत, तिची दोन दारं, पाण्यापासूनचं अंतर, सगळं नीट मांडलं. कोपऱ्यात उत्तर दिशेचा बाण काढला. बायकोने वाकून पाहिलं आणि विचारलं की यात पूल कुठाय. मी म्हणालो, हाच की, वरून.

गाईड कागद गोळा करत आला. बाकीच्यांचे त्याने भराभर पाहिले, छान छान म्हणाला. माझ्यावर मात्र त्याची नजर थांबली. बराच वेळ थांबली. मग तो म्हणाला, "सर, तुमची बघायची तऱ्हा वेगळी आहे." आणि माझा कागद त्याने गठ्ठ्यात ठेवला नाही, घडी करून शर्टाच्या खिशात टाकला. माझ्या मनात पाल चुकचुकली.

तेव्हापासून तो बदलला. जेवणाच्या वेळी बायकोला पाणी आणून दिलं, मला सावलीतली खुर्ची ओढून दिली. एकदा बसच्या मागे जाऊन त्याने मोबाइल काढला, त्याकडे पाहिलं आणि काही न करता परत ठेवला. याने आपल्याला ओळखलंय, मी बायकोला म्हणालो. आता हा नाटक करणार, बघच तू. बायको म्हणाली, त्याचं जाऊ द्या, सकाळपासून नाटक कोण करतंय? तिच्याशी वाद घालण्यात अर्थ नव्हता.

दुपारी स्टुडिओ. मोठी उंच खोली, उत्तरेला काचेची खिडकी, खाली फळ्यांची जमीन आणि तिच्यावर रंगाचे शेकडो शिंतोडे. टोपीवाल्या बाई त्या शिंतोड्यांचे फोटो काढत होत्या. इथे उभा राहून त्याने तीस वर्षं चित्रं काढली, गाईड सांगत होता. मी गुडघ्यावर बसलो. निळ्या रंगाचा एक ठिपका थेट खिळ्याच्या डोक्यावर पडला होता, आणि खिळा कोरा करकरीत. चित्रकाराला जाऊन साठ वर्षं झालेली. सापडला!

मी उभा राहिलो आणि सगळ्यांसमोर विचारलं की नव्या खिळ्यावर मेलेल्या माणसाचा रंग कसा उडाला. गाईड म्हणाला की बरोबर आहे. मूळच्या फळ्यांना वाळवी लागली, चार वर्षांपूर्वी संस्थेने नव्या बसवल्या आणि शिंतोडे एका पेंटरकडून मारून घेतले. हे तो दर वेळी सांगतो, पण शेवटी सांगतो, लोकांना आधी डोळे भरून बघू द्यावं म्हणून. टोपीवाल्या बाईंनी मोबाइल खाली केला आणि राग माझ्यावर धरला.

दर वेळी सांगतो म्हणे! मला ओळखल्यावर असं म्हणायला काय जातं? साक्षीदार वेगळा गाठायचा हा माझा जुना नियम. ड्रायव्हर पुढच्या चाकाला टेकून उभा होता. मी सहज विचारल्यासारखं विचारलं. तो हसला. म्हणाला, रोज सांगतो, त्यापायी ऑफिसने दोनदा ताकीद दिलीय, लोक नाराज होतात म्हणून. आता तिसरी मिळाली की बसेल घरी. कितीदा समजावलं, ऐकत नाही.

खरं सांगतो, मला वाईट वाटलं. काहीतरी सापडलं असतं तर निदान मिशी सत्कारणी लागली असती.

परतीच्या वाटेवर चहासाठी बस थांबली. मी बाकावर बसलो होतो. गाईड दोन कप घेऊन आला, तशी बायको तिचा कप घेऊन उठली आणि उगाच झाडांकडे बघायला गेली. त्याने खिशातला कागद काढून माझ्यासमोर उलगडला. दिवसभर मला सर म्हणणारा पोरगा म्हणाला, "काका, हा बाण मी ओळखतो."

मी कागदाकडे पाहिलं. बाणाला खाली दोन आडव्या रेघांची शेपटी. मी कायम तशीच काढतो. तो सांगत होता की लेकीने पहिल्यांदा त्याला भेटायची जागा कळवली, ती नकाशा काढून. चौक, बसथांबा, दुकानाचं दार, सगळी अंतरं पावलांत, आणि कोपऱ्यात असाच शेपटीवाला बाण. तो हसला होता तिला. तेव्हा ती म्हणाली होती, माझ्या बाबांनी शिकवलंय. शाळेच्या पहिल्या दिवशी मी हरवू नये म्हणून त्यांनी घरापासून वर्गापर्यंतचा नकाशा काढून दिला होता, तो चौथीपर्यंत माझ्या दप्तरात होता.

मला तो नकाशा आठवतही नव्हता. लेकीने माझ्याबद्दल चांगलं असं काही कुणाला सांगितलं असेल, हे माझ्या डोक्यातच कधी आलं नव्हतं. आणि तिने ते ज्याला सांगितलं, त्याच्या खिळ्यांची डोकी मी तपासत फिरत होतो.

"तिला सांगू नकोस," मी म्हणालो. माझा आवाज माझ्याच कानाला ओशाळवाणा वाटला.

"रोज आठ वाजता तिचा फोन येतो. दिवस कसा गेला विचारते. मी काय सांगू?"

"रोजच्यासारखा गेला म्हणून सांग."

त्याने कागदाची पुन्हा घडी घातली. मग म्हणाला, "मी खोटं बोलतो का, तेच बघायला आलात ना तुम्ही? मग आता खोटं बोलायला मलाच का सांगताय?" त्याच्या बोलण्यात टोमणा नव्हता, टोमणा असता तर मला बरं वाटलं असतं. आठ वाजण्याआधी तुम्हीच सांगा, तो म्हणाला, तोवर मी काही बोलत नाही. आणि रिकामे कप उचलून गेला.

बस सुरू झाली. साडेसहा वाजले होते. माझं डोकं मात्र अजून त्याच जुन्या वाटेने चाललं होतं. मी फोन केलाच नाही तर? आठ वाजता त्याने मला वाचवायला थाप मारली, तर तो थापाड्या, सापडला. आणि खरं सांगितलं, तर लेक गेली. म्हणजे त्याला पकडायचं, तर लेक गमवायची तयारी ठेवायची. मी हा हिशेब करत बसलोय हे लक्षात आलं आणि मला माझीच भीती वाटली. बायकोने नंबर लावून मोबाइल माझ्या हातात दिला. पुरे झालं आता, म्हणाली.

लेकीने उचलला. मी सगळं सांगितलं. तिकिटं, मिशी, ड्रॉइंगमास्तर, फळ्या, ड्रायव्हर. काही गाळलं नाही.

"काय सापडलं?" तिने विचारलं.

"काही नाही."

"मागच्या वेळीही काही सापडलं नव्हतं, बाबा." ती ओरडली नाही. दमल्यासारखी बोलत होती. "मी निवडलंय, एवढं तुम्हाला कधीच पुरत नाही ना? तुम्ही त्याला नाही तपासत. तुम्ही मलाच तपासता."

मी म्हणालो, पुरायला हवं होतं. चुकलं माझं. लेकीला असं मी आयुष्यात पहिल्यांदाच म्हणत होतो. मग विचारलं की रविवारी आणशील ना त्याला. रविवारचं बघते, ती म्हणाली आणि फोन ठेवला. बायकोने माझ्याकडे पाहिलं नाही, खिडकीबाहेर बघत राहिली.

बस थांबली. गाईड दारापाशी उभा राहून एकेकाला हात देऊन उतरवत होता. मला उतरवलं आणि हात सोडला नाही. डोळ्यांनीच विचारलं. मी सांगितलं, बोललो तिच्याशी, सगळं सांगितलं, आणि ती रविवारचं बघते म्हणाली. त्याचा चेहरा उतरला. मी शेकडो उतरलेले चेहरे पाहिलेत, खरे आणि खोटे, आणि हा खरा होता. रविवारची सुट्टी मंजूर करून घेतली होती, तो हळूच म्हणाला, महिनाभर मागे लागून.

रविवारी सहलीची सगळ्यात जास्त गर्दी, मग सुट्टी दिली कुणी? प्रश्न माझ्या ओठांवर आला होता. मी तो गिळला.

"सुट्टी रद्द करू नकोस," मी म्हणालो. त्याला द्यायला माझ्याकडे एवढंच होतं, आणि तिने त्याला घरी आणलंच नाही तर तेही फुकट जाणार होतं.